बस्त्याव आणि झाडाखालचा म्हातारा

बस्त्यावला कुणाला मारायचं असेल तर तो आदल्या दिवशी जाऊन सांगून यायचा. "उद्या चर्चमधली मिस्सा झाल्यावर मी तुला मारनार हाय. घरी रहा." एवढं बोलून तो परत फिरायचा. समोरच्याची रात्रीची झोप गेलीच म्हणून समजा. बरेच जण सकाळी लवकर उठून त्याच्या दारात जायचे आणि माफी मागून मोकळे व्हायचे. जे मागत नसत त्यांना तो खरोखरच मारायचा, आणि मारून झालं की स्वतःच्या स्कूटरवर मागे बसवून डॉक्टरकडे न्यायचा. तिथून सरळ पोलीस चौकी. मार खाल्लेला माणूस तक्रार द्यायला पोचायच्या आत मारणाराच बाकावर येऊन बसलेला असायचा. चौकीतले हवालदार त्याला वैतागले होते. एकाने तर हात जोडून सांगितलं होतं, "अरे बाबा, आम्हाला शोधायला तरी लाव कधी!"

बंदरावर भांडणं काही नवी नाहीत. लिलावात भाव बोलताना आवाज चढतो, आवाजापाठोपाठ हात उठतो, आणि संध्याकाळी तीच माणसं एका खाटेवर बसून पत्ते खेळतात. पण असं तारीख-वार सांगून, नियम पाळून मारामारी करणारा माणूस वसईच्या पाचूबंदरने दुसरा पाहिला नाही. आता तोही तिथे नाही. कुठल्यातरी दक्षिणेकडच्या बंदरात दुसऱ्याच्या बोटीवर आहे म्हणतात. त्याच्यावर मी चिडलेलो आहे. आज इतकी वर्षं झाली तरी मनातल्या मनात मी त्याच्याशी भांडतो, आणि दर वेळी तोच जिंकतो.

खरं नाव सेबास्टियन. आजोबांचं नाव चालवायचं म्हणून घरी आणि बंदरावर बस्त्याव. त्याचे वडील इनास तांडेल, म्हणजे बोटीचे प्रमुख, आम्ही शाळेत असतानाच वारले. मागे राहिली आई इझाबेल, जी मासळी विकायची, आणि धाकटा भाऊ सावियो. मी परब. वडील मालवणकडून नोकरीसाठी आलेले, घर वसई गावात. शाळेत बस्त्यावचा आणि माझा बाक एक, त्यामुळे मी त्याचा परब्या झालो आणि त्याच्या घरचाही झालो. इझाबेलमावशी मला ताटात मोठा तुकडा वाढायची आणि म्हणायची, "खा रं, तुमच्या घरी सगली बाजारातली शिली मासली."

पण मी तिथे पडीक असायचो त्याचं कारण मासळी नव्हतं. बस्त्यावचा मामा जहाजावर होता. त्याने जपानच्या कुठल्याशा बंदरातून टीव्हीला जोडायचा गेम आणला होता. गावात इतर पोरांकडे गेम होते, पण ते सगळे उड्या मारणाऱ्या टोपीवाल्यांचे नाहीतर विटा फोडायचे. हा सामुराईचा होता. कॅसेट एकच. ती चालेनाशी झाली की बाहेर काढायची, शर्टाला पुसायची, फुंकर मारायची आणि पुन्हा दाबून बसवायची. बाहेर ओळीने बोंबील वाळत घातलेले, आत खिडकीला गोणपाट लावून केलेला अंधार, आणि जमिनीवर दाटीवाटीने बसलेले आम्ही. आजही सुक्या बोंबलाचा वास आला की माझे दोन्ही अंगठे शिवशिवतात.

त्या गेममध्ये एक तलवारवाला एका गावातून दुसऱ्या गावात जायचा आणि वाटेत जो भेटेल त्याच्याशी लढायचा. रक्त म्हणजे लाल चौकोनी ठिपके. ते उडाले की आम्ही टाळ्या वाजवायचो. एक लढाई संपली की पडदा काळा व्हायचा, आणि मग एका झाडाखाली बसलेला पांढऱ्या केसांचा म्हातारा दिसायचा. तो काहीतरी सांगायचा. खाली जपानी अक्षरं टिकटिक करत एकेक उमटायची. आम्हाला अर्थातच ओ की ठो कळायचं नाही. सावियो लगेच बटण दाबून म्हाताऱ्याला पळवायला बघायचा, आणि बस्त्याव त्याच्या टाळक्यात टपली मारायचा. "म्हातारा बोलतोय ना! ऐकून घे."

आणि मग तो वाचायचा. हो, वाचायचा. पडद्यावर बोट ठेवून, ओळीओळीने, कपाळाला आठ्या घालून. "म्हातारा म्हनतो, मारायच्या आधी आपलं नाव सांगायचं, बापाचं नाव सांगायचं." पुढच्या गावाला, "म्हातारा म्हनतो, पडलेल्याला उठू द्यायचं. हत्यार पडलं तर उचलू द्यायचं." त्याच्या पुढे, "म्हातारा म्हनतो, जे केलं ते आपनच जाऊन सांगायचं, दुसऱ्यानं सांगायच्या आत." आम्ही कुणीच विचारलं नाही की तुला जपानी कुठून येतं. त्याचा मामा जपानला जातो, त्या अर्थी त्याला येत असणार, एवढं आम्हाला पुरलं. शिवाय म्हातारा जे म्हणायचा ते ऐकायला फार बरं वाटायचं. घरी आणि शाळेत मोठी माणसं जे सांगायची त्यात तलवार कधीच नसायची.

सावियो मात्र कधीच ऐकायचा नाही. समोरचा पडला की तो धावत जाऊन त्याच्यावर तलवार चालवायचा आणि आम्ही ओरडलो की खदाखदा हसायचा. देखणा होता, आईचा लाडका होता, आणि त्याला सगळं माफ होतं. बस्त्याव त्याच्यावर जितका ओरडायचा तितकाच त्याच्यासाठी जीव टाकायचा.

म्हाताऱ्याचे नियम पडद्याबाहेर आले ते माझ्यामुळे. वर्गात विल्सन नावाचा एक दांडगट होता. त्याने माझा डबा विहिरीत टाकला. बस्त्यावने मधल्या सुट्टीत त्याला गाठून सांगितलं, "उद्या शाळा सुटल्यावर, देवळामागच्या मैदानात." दुसऱ्या दिवशी आम्ही सगळे जमलो. बस्त्याव समोर उभा राहिला आणि मोठ्याने म्हणाला, "मी बस्त्याव, इनास तांडेलचा पोरगा." सगळे हसले. विल्सन घड्याळ काढत होता. बस्त्याव म्हणाला, "काढ आरामात, मी थांबतो." विल्सनने घड्याळ काढता काढता पट्टाही काढला आणि बकलाकडून बस्त्यावच्या तोंडावर हाणला. नाकाचं हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. शर्ट रक्ताने भिजला. मला वाटलं संपलं. पण तो उठला आणि त्याने विल्सनला असा काही बुकलला की आम्हीच घाबरलो. विल्सन पडला की बस्त्याव दोन पावलं मागे जाऊन उभा राहायचा. विल्सन उठायचा, पुन्हा मार खायचा, पुन्हा पडायचा. शेवटी विल्सन जमिनीवरूनच रडत म्हणाला, "बाबा रे, थांबू नको आता, घरी जा!"

ते वाकडं नाक त्याला जन्मभर पुरलं. मोठेपणी कुणी विचारलं की तो सांगायचा, "माझंच चुकलं. घड्याल बघत बसलो, हात बघायचा होता."

दहावीनंतर तो बोटीवर गेला आणि लवकरच वडिलांसारखा तांडेल झाला. मी नोकरीला लागलो, लग्न झालं, जवळच उमेळ्याला फ्लॅट घेतला. पण रविवारी माझी पावलं बंदराकडेच वळायची. त्याच्या सवयी वयाबरोबर पक्क्या होत गेल्या होत्या. समुद्रावर निघायच्या आधी तो दाढी करायचा, रोज, न चुकता. मी विचारलं तेव्हा म्हणाला, "मेलो तर तोंड नीट दिसायला नको?" शर्टाची बटणं गळ्यापर्यंत लावलेली. इंजिन सुरू करण्यापूर्वी कमरेतून वाकून बोटीला नमस्कार. खलाशी हसायचे, पण त्याच्या बोटीवर काम मिळावं म्हणून धडपडायचेही, कारण वाटणीत तो कधी कुणाला फसवायचा नाही. बोलताना अधूनमधून "म्हातारा म्हनतो" यायचंच. बंदरावर सगळ्यांना वाटायचं, तो आपल्या आजोबांबद्दल बोलतो. खरा म्हातारा कोण हे फक्त सावियोला आणि मला ठाऊक होतं.

या खरेपणापायी त्याचं लग्न राहिलं. मुलगी चांगली होती, तिलाही तो पसंत होता. सगळं ठरत आलं तेव्हा याने मुलीच्या बापाला बाजूला घेऊन सांगितलं की मी अमुक अमुक माणसांचे हात मोडलेत आणि तमक्या साली कोठडीत होतो. बाप बिचारा चहाचा कप खाली ठेवून उठला. इझाबेलमावशीने त्या दिवशी कपाळावर हात मारून घेतला. "कोन विचारत होतं का तुला? कोन विचारत होतं?" सावियो दारात पोट धरून हसत होता. मीही हसलो. तेव्हा हसण्यासारखंच होतं.

समुद्रात खांब रोवून त्यांना जाळी बांधायच्या ठरलेल्या जागा असतात. त्यांना इथे कव म्हणतात. कव कुणाची, हे वाडवडिलांपासून तोंडी चालत आलेलं. मासळी कमी झाली तशी एकेकाची कव दुसऱ्याच्या कवीत सरकू लागली. गावागावांत वाद पेटले. रात्रीतून दोर कापले जायचे, जाळी वाहून जायची, आणि एका जाळ्याबरोबर एका घराचा अख्खा हंगाम जायचा. बैठका झाल्या, अर्ज झाले. समुद्रावर मात्र कोयते बोटीत ठेवूनच सगळे निघत.

त्या दिवशी बस्त्यावची बोट आपल्या कवीवर पोचली तेव्हा उजाडत होतं. दुसऱ्या गावची एक बोट तिथे आधीच होती आणि तिचा तांडेल पास्कू स्वतः वाकून बस्त्यावचे दोर तोडत होता. पुढचं मी बस्त्यावच्या तोंडून ऐकलं, त्याच्या खलाशांकडूनही ऐकलं. दोन्हींत तसूभर फरक नव्हता.

बस्त्याव नाळेवर, बोटीच्या पुढच्या टोकावर, उभा राहिला आणि ओरडला, "मी बस्त्याव, इनास तांडेलचा पोरगा! तोडतोस तो दोर माझा हाय!" आणि बोटी भिडल्याबरोबर हातातला बांबू घेऊन त्याने पलीकडे उडी मारली. पास्कू कोयता घेऊन वळतो न वळतो तोच बस्त्यावचा बांबू त्याच्या खांद्यावर बसला. हाड मोडलं असावं. कोयता हातातून सुटून फळ्यांवर पडला आणि घसरत बस्त्यावच्या पायाशी आला. तोवर दोन्ही बोटींवर हाणामारी जुंपली होती. कुणाचं डोकं फुटलं होतं, कुणी पाण्यात पडलं होतं, कुणी कुणाच्या दंडाला दात लावले होते. सावियो इंजिनाजवळून ओरडत होता, "मार त्याला! दादा, मार!"

बस्त्यावने पायाने कोयता पास्कूकडे सरकवला. "उचल," म्हणाला.

पास्कूने डाव्या हाताने कोयता उचलला. त्याच क्षणी सावियो भावाच्या मदतीला मधे उडी मारून आला. पास्कूने समोर जो दिसला त्याच्यावर कोयता चालवला. तो सावियोच्या मानेत बसला.

खलाशांनी दोघा भावांना आपल्या बोटीवर ओढून घेतलं आणि पास्कूची बोट पळाली. बस्त्यावने पाठलाग केला नाही. तो भावाची मान दोन्ही हातांनी दाबून बसला होता. खलाशी सांगतात, बोटांच्या फटींतून रक्त येत होतं आणि तो सावियोला सारखं म्हणत होता, "बोलू नको, बोलू नको." सावियो काही बोलत नव्हताच. किनारा दिसायच्या आत तो गेला.

इझाबेलमावशी लिलावाच्या जागी टोपली घेऊन उभी होती, मीही त्या सकाळी मासळी घ्यायला तिथे आलो होतो. बोट रिकामी येतेय हे तिला लांबूनच कळलं. बस्त्याव भावाला खांद्यावर घेऊन पाण्यातून चालत आला, त्याला तिच्यापुढे ओल्या वाळूवर ठेवलं आणि तिथेच, सगळ्या बंदरासमोर, सांगितलं. "आये, पास्कूनं मारला. कोयता मी उचलू दिला." कुणी त्याला विचारलं नव्हतं. मावशीने त्याच्या तोंडावर ज्या थपडा मारल्या त्यांचा आवाज मला अजून ऐकू येतो. तो हात खाली सोडून उभा होता. चार बायकांनी तिला धरलं तेव्हा ती थांबली.

मातीनंतर मावशीने रडणं आवरलं आणि एकच गोष्ट धरली. पास्कू आत गेला पाहिजे, जन्मभर. बाकी खलाशांनी पोलिसांना मात्र सांगितलं होतं की पास्कूच कोयता घेऊन आमच्यावर धावून आला. आता सगळा भार बस्त्यावच्या साक्षीवर होता. पास्कूचा वकील म्हणत होता, माझ्या माणसाने जीव वाचवायला कोयता चालवला. पहिला घाव पास्कूचा, एवढं बस्त्याव बोलला की वकिलाचं म्हणणं खोटं पडत होतं. मावशी रोज जेवण वाढताना म्हणायची, "मना कायपन नको तुझ्याकडून. दोन शब्द बोल. माझ्या सावियोसाठी."

तो जेवायचा आणि ताट धुवून जाळी शिवायला जायचा. तारीख जवळ आली तशी मावशीने मला बोलावून घेतलं. "तुझं ऐकल तो, परबा. तुमी शिकलेली मानसं."

मी काय केलं ते सांगतो. तो जुना गेम आता इंटरनेटवर फुकट मिळतो. मी तो मोबाईलवर उतरवला. सगळ्या लढाया लढलो, कारण म्हातारा दिसायला लढाई जिंकावी लागते. अंगठे अजून विसरले नव्हते. म्हातारा आला की पडदा थांबवायचा आणि भाषांतराचं ॲप त्याच्यावर धरायचं. मग ते सगळं घेऊन मी बंदरावर गेलो. बस्त्याव उलट्या ठेवलेल्या होडीला टेकून जाळं शिवत होता. मी मोबाईल त्याच्या नाकासमोर धरला.

"बघ तुझा म्हातारा काय म्हणतो. 'पुढे पूल तुटला आहे, नदीकाठाने जा.' हे दुसरं. 'भात बरोबर घेतलास का? डोंगरात दुकान नाही.' आणि हे, तुझं ते हत्यार उचलू देण्याचं, ते बघ. 'थंडी वाढली आहे. माझे गुडघे दुखतात.' कळलं? गुडघे दुखतात म्हणतो तो! तुझा तो कायदा म्हाताऱ्याने कधी सांगितलाच नाही. तूच बनवलास, नववीतल्या पोराने. त्याच्यापायी सावियो गेला, आता आईलाही मारणार आहेस का?"

फार कठोर बोललो मी, आणि मुद्दाम बोललो. त्याने मोबाईल हातात घेतला. म्हाताऱ्याकडे बराच वेळ बघितलं. झाड तेच, पांढरे केस तेच. पहिल्यांदा तो जरासा हसला, जुना सोबती भेटल्यासारखं. मग हसू गेलं.

"म्हंजे ते सगलं माझंच होतं?"

"तुझंच."

"मंग तर कठीन झालं, परब्या," तो म्हणाला. "म्हाताऱ्याचं असतं तर मोडलं असतं. म्हातारा काय, कुठला कोन. माझंच हाय तर कसं मोडू?"

मी मोबाईल हिसकावून घेतला आणि नाही नाही ते बोललो. सामुराई म्हणे! अरे, पडद्यावरचा सामुराई मेला तर बटण दाबून पुन्हा उभा राहतो. तुझा भाऊ उभा राहणार आहे का? त्याने मान वर केली नाही. जाळ्याची सुई चालत राहिली. मी निघालो तेव्हा मागून त्याचा आवाज आला, "आयेला सांग, मी तिला पहिल्याच दिवशी वालूवर सांगितलंय. फसवलं नाय मी तिला."

कोर्टात मी मावशीच्या शेजारी बसलो होतो. तिने काळी साडी नेसली होती, गळ्यात क्रूस आणि हातात जपमाळ. सरकारी वकिलाचे प्रश्न सरळ होते, ते झाले. मग पास्कूचा वकील उठला. त्याने विचारलं, "पहिला घाव कुणाचा?"

"माझा."

"त्या वेळी पास्कूने तुमच्यावर कोयता उगारला होता?"

"नाय. तो वलत होता."

"कोयता तर त्याच्या हातातून पडला होता. मग पुन्हा हातात कसा आला?"

"मी उचल म्हनालो."

कोर्टात कुजबुज झाली. सरकारी वकिलाने डोळे मिटून घेतले. मावशीच्या हातातली जपमाळ थांबली होती. बस्त्याव पिंजऱ्यात ताठ उभा होता, बटणं गळ्यापर्यंत लावून, सकाळी दाढी करून आलेला. मला त्या क्षणी त्याचा अभिमान वाटला आणि त्याच क्षणी उठून त्याचं तोंड फोडावंसं वाटलं. दोन्ही खरं आहे.

पास्कू सुटला. निकालाच्या दिवशी बंदरावर दगडफेक झाली, आणि त्यातले बरेचसे दगड बस्त्यावच्या घरावर पडले. त्याने दार लावून घेतलं नाही. एक दगड कपाळाला लागला, तरी तो उंबऱ्यात उभाच होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गेलो. अंगणात कौलांचे तुकडे पडले होते. मावशी मोठी मासळी तोडायच्या लाकडी ओंडक्यापुढे बसली होती आणि कोयत्याच्या पाठीने काहीतरी ठेचत होती. जवळ गेल्यावर कळलं, तो गेम होता. इतकी वर्षं तिनेच तो कपाटात जपून ठेवला होता, सावियोचा म्हणून. काळ्या प्लास्टिकचे तुकडे, हिरवी पट्टी, कॅसेटचा चुरा सगळीकडे उडत होता. ती रडत नव्हती. प्रत्येक घावाला तोंडाने हुंकार येत होता, लाकूड फोडताना येतो तसा.

बस्त्याव घरातून बाहेर आला. त्याने सगळं पाहिलं. मग तो आईसमोर गुडघ्यांवर बसला, ओंडक्यावरचे तुकडे हाताने बाजूला सारले आणि तिथे उजवा पंजा पसरून ठेवला.

"आये, ह्योच हात थांबला."

"उचल तो हात," मावशी म्हणाली.

"नाय."

"बस्त्याव, उचल म्हनते!"

"तुला वाटल ते कर."

मी "अरे!" म्हणून पुढे धावलो. मला वाटलं होतं, ती कोयता फेकून देईल आणि त्याच्या गळ्यात पडेल. कुणालाही तेच वाटलं असतं. पण तिने कोयता फिरवला, धार खाली केली आणि घाव घातला.

त्याने हात मागे घेतला नाही. करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट ओंडक्यावर राहिलं. रक्त उडालं ते मावशीच्या तोंडावर आणि माझ्या शर्टावर. तो ओरडला नाही, फक्त श्वास आत ओढून घेतला. ओरडली ती मावशी. असा आवाज मी सावियोच्या मातीलाही तिच्या तोंडून ऐकला नव्हता. दुसऱ्या क्षणी तिने पदर फाडला होता, त्याच्या हाताला गच्च आवळला होता आणि ती माझ्यावर ओरडत होती, "बरफ आन! परबा, बरफ!" मासळीच्या पेटीतला बर्फ मी पिशवीत भरला आणि त्यात ती बोटं ठेवली.

गाडी मी चालवली. मागच्या सीटवर ती त्याचा हात उंच धरून बसली होती आणि सगळा वेळ त्याला शिव्या देत होती. गाढवा, मुडद्या, कुनी सांगितलं होतं तुला ठेवायला. तो तिच्या खांद्यावर डोकं टेकून डोळे मिटून पडला होता.

डॉक्टरांनी बोटं जोडता येणार नाहीत म्हणून सांगितलं. टाके घातले, मोठं बँडेज बांधलं. असा घाव म्हटल्यावर पोलिसाला बोलवावंच लागतं. तरुण शिपाई होता, बदलून आलेला, बस्त्यावला ओळखत नव्हता. त्याने खाटेजवळ उभं राहून विचारलं, "कसं झालं हे?"

मावशी भिंतीशी स्टुलावर बसली होती. तिच्या गालावर वाळलेलं रक्त तसंच होतं. मी मनाची तयारी केली. बस्त्याव आता सांगणार, आईचं नाव सांगणार, आणि ही म्हातारी कोठडीत जाणार. केलं ते सांगायचं, दुसऱ्यानं सांगायच्या आत. मी त्याच्याकडे बघून डोळ्यांनी विनवत होतो. त्याने माझ्याकडे बघितलंच नाही.

"मासली तोडत होतो," तो म्हणाला. "माझाच कोयता सटकला."

"डाव्या हातात कोयता होता?" शिपायाने विचारलं.

"हो. डाव्याच हातानं तोडतो मी."

"आणखी कुणी होतं तिथे?"

"कोन नाय."

शिपाई लिहून घेऊन गेला. बस्त्याव वर छताकडे बघत होता आणि त्याच्या कानशिलावरून घाम ओघळत होता. बोटं तुटली तेव्हाही त्याला इतका घाम आला नव्हता.

मावशी स्टुलावरून उठली. खाटेपाशी आली. तिने उरलेल्या पदराने त्याचा घाम पुसला, वाकड्या नाकावरून, कपाळावरच्या दगडाच्या जखमेवरून हात फिरवला.

"खोटं बोलता येतं रं तुला," ती हळूच म्हणाली. "माझ्यासाठी आलं. मंग सावियोसाठी का नाय बोललास?"

बस्त्यावने तोंड भिंतीकडे फिरवलं. त्याचे खांदे गदगदा हलत होते आणि आई त्याच्या पाठीवर हात ठेवून उत्तराची वाट बघत उभी होती. मी खोलीबाहेर आलो आणि दार ओढून घेतलं. त्यानंतर मी त्याला पाहिलेलं नाही.